दोन भिंतींमधलं पोळं

भूमितीत रेषेला जाडी नसते. हे वाक्य मी महाडच्या शाळेत इतक्या वर्गांना सांगितलं आहे की झोपेतून उठवलं तरी तोंडून हेच निघेल. फळ्यावर खडूने रेघ ओढायची, ती चांगली जाडजूड दिसत असायची, आणि वर सांगायचं, मुलांनो, हिला जाडी नाही असं समजा. मुलं बिचारी समजायची. माझे दोन भाऊ मात्र समजले नाहीत. आमच्या कापडे गावात रेषेला नऊ इंच जाडी असते, आणि त्या नऊ इंचांपायी ते दोघे कित्येक वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते.

आई गेल्यावर घराची आणि भाताच्या खाचरांची वाटणी झाली. थोरला भाऊ गावातच शेती करून राहिलेला, धाकटा मुंबईला कंपनीत. मधली मी, मी माझा हक्क सोडल्याची सही केली, आमच्याकडे बहिणी करतात तशी, आणि वर दोघांना पेढाही भरवला. जुनं मातीचं घर पाडून त्या जागी विटांची दोन घरं बांधायची ठरली. दोन घरं, मधे एक भिंत. इथंच घोडं पेंड खायला लागलं. भिंत नऊ इंचांची. ती कुणाच्या जागेत घ्यायची?

थोरला म्हणाला, निम्मी तुझ्यात, निम्मी माझ्यात. धाकटा म्हणाला, आणि उद्या तू तिच्यात लोखंडी खुंट्या ठोकल्यास तर माझ्या बाजूला भेग पडेल, ती कुणी भरायची? त्यावर थोरल्याने विचारलं की मग तू तुझ्या बाजूने मोरी काढलीस तर ओल कुणाच्या घरात येणार. मी मधे पडून म्हटलं, अरे, महाडात आमच्या इमारतीत सगळ्यांच्या भिंती सामाईकच आहेत, कुणी मेलं नाही. दोघांनी माझ्याकडे अशा नजरेने बघितलं की जणू मी त्यांना एका ताटात जेवायला सांगत होते.

हे भांडण भिंतीचं नव्हतंच मुळी, ते बांधाचं होतं. आमच्या भागात दोन खाचरांमधला बांध दोघांचा असतो, आणि तो दोघांचा असतो म्हणूनच दोघेही दर पावसाळ्यात आपल्या बाजूने तो थोडा थोडा कोरतात. बांध बारीक होत जातो आणि भांडण जाड. हे आमच्या माणसांच्या इतकं हाडीमाशी भिनलं आहे की सामाईक गोष्ट म्हणजे चोरीला जाणारी गोष्ट, असंच त्यांना वाटतं. म्हणून दोघांनीही आपापल्या जागेत आपापली भिंत बांधली. एकाचं जोतं दुसऱ्याच्या जोत्याला चिकटू नये म्हणून दोघांनी थोडी थोडी जागा सोडली. दोन भिंती, आणि मधे वीतभर फट.

त्या फटीने दोघांनाही छळलं. पावसाचं पाणी तिच्यात पडायचं आणि दोन्ही घरांच्या भिंतींना आतून बुरशी धरायची. फटीवर नुसता एक पत्रा टाकला असता तर प्रश्न मिटला असता. पण पत्र्याचं दुसरं टोक दुसऱ्याच्या भिंतीवर टेकवावं लागलं असतं, आणि ते कोण टेकवू देणार? दोन्ही भिंतींच्या फटीतल्या बाजूला गिलावा नव्हता, कारण गवंड्याला उभं राहायलाच जागा नव्हती. मागच्या बाजूला तेवढा थोरल्याच्या छपराचा पत्रा फटीवर आलेला होता. त्यावरूनही धाकट्याच्या बायकोने मला फोनवर पुष्कळ ऐकवलं होतं.

आपलेच दात आणि आपलेच ओठ, मी कुणाला बोलणार? भाऊबिजेला मी दोन ताटं घेऊन जायचे, दोन सुपाऱ्या, दोन नारळ. पहिल्या घरातून दुसऱ्या घरात जाताना अंगण एकच ओलांडायचं असे, पण दुसऱ्या दारात हटकून प्रश्न यायचा, "आधी तिकडं गेलीस ना?" नवरा गेल्यापासून मला जवळचं म्हणावं असं हे दोघेच. थोरला सत्तरीला आलेला, धाकट्याचं हृदयाचं ऑपरेशन झालेलं. मला दुसरं काही नको होतं. दोघांतला एक जण जायच्या आत त्यांनी एकमेकांशी बोलावं, एवढंच हवं होतं. देवाकडे मी दुसरं काही मागितल्याचं मला आठवत नाही.

मग एका हिवाळ्यात त्या फटीत मधमाश्या आल्या.

सातेरी जातीची माशी उघड्यावर पोळं बांधत नाही. झाडाची ढोली, जुनं वारूळ, दगडाची कपार अशी जागा ती शोधते. अंधार हवा, कोरडं हवं, तोंड अरुंद हवं. आमच्या घराण्याने हे सगळं तिच्यासाठी खर्च करून तयार ठेवलं होतं. थोरल्याचा पत्रा जिथे फटीवर आला होता, तिथे छपराच्या रिपेला लटकून त्यांनी आत पोळ्या, म्हणजे मेणाचे उभे पडदे, बांधल्या. एकामागे एक, भिंतींना समांतर.

थोरल्याला आधी कळलंच नाही. त्याच्या मागच्या खोलीत भिंतीतून गुणगुण यायला लागली तेव्हा त्याला वाटलं, धाकट्याने नवा फ्रीज घेतला. विचारायची सोय नव्हती. मग एक दिवस त्याने फटीच्या तोंडाशी माश्यांची ये-जा बघितली. मी गेले तेव्हा त्याने मला हाताला धरून मागच्या खोलीत नेलं आणि भिंतीला कान लावायला सांगितला. चुलीवर पाणी उकळायच्या आधी जसा आवाज येतो तसा आवाज होता. त्याची बायको जाऊन दोन वर्षं झाली होती, मुलगा मुंबईला.

"सांजचा बसतो हितंच," तो म्हणाला. "बरं वाटतं गो. भिंतीपलीकडं कोणतरी हाय असा वाटतं."

मला त्याची दया आली आणि रागही आला. भिंतीपलीकडे त्याचा सख्खा भाऊ होता. धाकटा तोवर निवृत्त होऊन बायकोसह गावी कायमचा राहायला आला होता. पण हे बोलायची माझी छाती झाली नाही.

त्या दिवशी परतीच्या एसटीत, पोलादपूर सोडल्यावर, मी त्या पोळ्यांचा विचार करत बसले. मधमाशीचं घर षट्कोनीच का, हे मी वर्षानुवर्षं शिकवलेलं. आखीव उत्तर होतं आणि ते खरंही आहे. एका बिंदूभोवती तीनशे साठ अंश असतात. समभुज त्रिकोण तिथे सहा बसतात, चौरस चार, षट्कोन तीन. पंचकोन घ्या, फट राहते. सप्तकोन घ्या, एकमेकांवर चढतात. म्हणजे सारख्या बाजूंच्या, सारख्या कोनांच्या एकाच आकाराने फरशी भरायची तर तीनच आकार उरतात. आता प्रत्येक घराचं क्षेत्रफळ शंभर घ्या. त्रिकोणाला साडेपंचेचाळीसहून थोडी जास्त भिंत लागते, चौरसाला चाळीस, षट्कोनाला सदतीसच्या किंचित वर. वर्तुळाला याहूनही कमी लागते, पण वर्तुळं शेजारी शेजारी ठेवली की मधे फटी राहतात. आणि माशीला एक तोळा मेण करायला त्याच्या कितीतरी पट मध खावा लागतो. म्हणून षट्कोन. मुलं माना डोलवायची आणि आम्ही पुढच्या धड्याकडे वळायचो.

एसटी दासगावकडे जाणाऱ्यांनी भरलेली होती, मला खिडकी मिळाली होती, आणि मी मनातल्या मनात हिशेब करत होते. चौरसाऐवजी षट्कोन केला तर वाचतं किती? चाळिसातले पावणेतीन. शंभराला सात. बस्स. एवढ्यासाठी जगभर त्या माशीचं कौतुक. पण समजा, प्रत्येक माशीने म्हटलं असतं की माझ्या घराची भिंत मी वेगळी बांधणार, शेजारणीच्या भिंतीला हात लावणार नाही. तर मेण सरळ दुप्पट लागलं असतं. आकाराने वाचतात शंभरातले सात, भिंत सामाईक असण्याने वाचतात पन्नास! इतकी वर्षं मी षट्कोन शिकवत राहिले आणि पोळ्यातली खरी बचत माझ्या नजरेतून निसटली होती. ती कोनांत नव्हतीच. ती यात होती की पोळ्यातल्या एकाही भिंतीला एकच मालक नसतो.

मला इतका आनंद झाला की मी शेजारच्या बाईला सांगणार होते. तिच्या मांडीवर सुक्या बोंबलांची पिशवी होती आणि ती डुलक्या घेत होती, म्हणून गप्प बसले.

नंतर मी त्या विषयावर मिळेल ते वाचत गेले. षट्कोनापेक्षा कमी भिंतीत तेवढीच घरं बसत नाहीत, असं माणसांना दोन हजार वर्षं वाटत होतं, पण त्याची चोख सिद्धता गेल्या शतकाच्या अगदी शेवटी हाती आली. अडचण होती वाकड्या भिंतींची. भिंत सरळच का असावी? ती एका बाजूला फुगवली तर एक घर मोठं होतं. पण भिंत सामाईक आहे, त्यामुळे शेजारचं घर नेमकं तेवढंच लहान होतं. दोघांची मिळून जागा तेवढीच राहते आणि वाकडी झाल्यामुळे भिंत मात्र लांबते. एकाचा फायदा, दुसऱ्याचा तोटा, आणि खर्च दोघांच्या माथी. हे वाचलं तेव्हा मी हसत सुटले. बांध कोरण्याचं गणित परदेशातल्या मोठमोठ्या माणसांना सोडवावं लागलं होतं, आणि आमच्या गावात त्याचं प्रात्यक्षिक दर आषाढात होत होतं.

पोळ्याची पाठ तर आणखी गमतीची. प्रत्येक पोळीला दोन्ही बाजूंनी घरं असतात, पाठीला पाठ लावून. त्यांच्यामधे मेणाचा एकच पापुद्रा, आणि तोही सपाट नसतो. प्रत्येक घराचा तळ तीन छोट्या समभुज चौकोनांचा, आणि त्यातला प्रत्येक चौकोन पलीकडच्या वेगळ्या घराचा तळ असतो. म्हणजे पलीकडच्या तिघींशी संबंध ठेवल्याशिवाय इकडचीचं घर पुरं होत नाही. याहून जरासा काटकसरीचा तळ माणसांनी शोधून काढला आहे म्हणे. फरक इतका नगण्य की माशीने तो मनावर घेतलेला नाही. आणि हे सगळं माशी मोजून-मापून करते, की कोमट मेण मऊ होऊन आपोआप ताणलं जातं, यावर अजून शास्त्रज्ञांचं एकमत नाही.

महाडच्या माझ्या फ्लॅटची एक भिंत शेजारच्या भाभींच्या स्वयंपाकघराची आहे. त्यांचे यजमान अर्धं आयुष्य आखातात, मुलगाही तिकडेच. त्या चपात्या लाटायला लागल्या की माझ्या मांडणीवरचे डबे थरथरतात. नळाला पाणी आलं की त्या भिंतीवर लाटणं आपटतात आणि मी बादली लावते. पहिल्या वर्षी मला या आवाजांचा भयंकर त्रास व्हायचा. आता त्या दासगावला माहेरी गेल्या की मला घर मुकं वाटतं. सांगायचं एवढंच की ज्यांच्याशी माझं ना रक्ताचं नातं ना गावाचं, त्यांच्याबरोबर माझी एक भिंत सामाईक होती आणि आमचं उत्तम चाललं होतं.

मागच्या मे महिन्यात धाकट्याची नात सुट्टीला आली आणि तिला माशी चावली. पापणीवर. अर्ध्या तासात पोरीचा चेहरा असा सुजला की डोळे दिसेनात, मग श्वास लागला. रिक्षात घालून महाडला आणेपर्यंत धाकट्याचा जीव अर्धा झाला होता. पोर वाचली. पण धाकट्याने त्या दिवशीच ठरवलं की पुढच्या सुट्टीच्या आत ती फट वरून सिमेंटचा माल ओतून कायमची बुजवायची. त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. इस्पितळाच्या बाकावर तो माझा हात धरून लहान मुलासारखा रडला होता.

यंदा शिमगा झाल्यावर त्याने गवंडी ठरवला. मला फोन करून म्हणाला, "ताई, मी कसलीच रिस्क घेणार नाही. दादाला सांगून ठेव, नंतर टेन्शन नको."

मी सांगितलं. थोरला पेटला.

"निम्मी जागा माझी हाय. त्याला म्हणावं, माझ्या निम्म्यात एक घमेला जरी ओतलास तर मेलो तरी तुझ्या दारात येणार नाय. नि तू मेलास तरी येणार नाय."

अबोला वेगळा आणि हे वेगळं. माझा थोरला भाऊ बोलेल तसं करणारा माणूस आहे. माल पडला असता तर फटीबरोबर सगळंच बुजलं असतं, हे मला लख्ख दिसत होतं.

मी आंबेनळी घाटापलीकडच्या, महाबळेश्वरकडच्या एका मधपाळाचा नंबर मिळवला. मधपेट्या ठेवणारा माणूस, पन्नाशीचा, अखंड बोलणारा. घाट उतरून आला तो "काय हो तुमच्याकडे उकाडा" असं करतच. त्याने फटीत बॅटरी मारून पाहिलं, हात घालून पाहिलं, आणि उठून अंगणात दोन्ही घरांच्या मधोमध उभा राहिला.

"माश्या पेटीत घालून नेतो मी, काही अवघड नाही. पण पोळ्या आत खोल आहेत. वीतभर जागेत मी शिरणार कसा? कुठल्यातरी एका घराची भिंत आतून फोडावी लागेल. कुठली ते ठरवा आणि मला कळवा." मग माझ्याकडे वळून म्हणाला, "बाई, तुम्ही गणिताच्या ना? बघा, माशीला तुमच्यापेक्षा जास्त गणित येतं."

"तिला एक अक्षर येत नाही," मी म्हटलं. उकाड्याने माझंही डोकं फिरलं होतं. "आपल्याकडच्या भिंतींकडे बघितल्यावर तसं वाटतं, एवढंच." तो जरा खट्टू झाला, आणि फटफटीला किक मारून निघून गेला.

आता भिंत कुणाची फोडायची? धाकटा म्हणाला, "माश्या त्याच्या लाडक्या, फोडेल तो." थोरला म्हणाला, "चावल्या त्याच्या नातीला, गरज त्याला, फोडू दे त्याला." मी या दारातून त्या दारात, त्या दारातून या दारात. शेवटी थोरल्याच्या ओटीवर मी फतकल मारली, कोळशाचा तुकडा घेतला आणि त्याच्या शेणाने सारवलेल्या जमिनीवर षट्कोन काढायला लागले. हा बघ, म्हटलं, एक घर. ही त्याची शेजारीण. ही मधली भिंत एकच, दोघींची. हिने वेगळी, तिने वेगळी बांधली असती तर सगळ्याला दुप्पट मेण, आणि मेणासाठी मध खाऊन खाऊन पावसाळ्याला खायला थेंब उरला नसता. जात बुडाली असती यांची. तुम्ही दोघांनी काय केलंत? दुप्पट विटा, दुप्पट गिलावा, आणि वर दोघांच्या भिंतींना बुरशी.

त्याने सगळं नीट ऐकून घेतलं. तो माझ्यापेक्षा मोठा असूनही मी शिकवायला लागले की विद्यार्थ्यासारखा ऐकतो, ही त्याची जुनी खोड.

"तुझा गणित बराबर हाय," तो म्हणाला. "पण त्यांच्यात भाऊ-भाऊ नसतील."

"नसतातच. कामकरी माश्या सगळ्या बहिणी असतात."

"मंग!" त्याने मांडीवर थाप मारली. "बहिणींचा काय जातंय? बहिणी सही करून मोकळ्या होतात."

मला हसू यायला हवं होतं, तो चिडवतच होता. पण मला रडू आलं. म्हटलं, मी सही केली ती तुम्ही दोघांनी नीट नांदावं म्हणून. माझा हिस्सा मी सोडला तो असा दोन भिंतींमधे रिकामा पडायला नाही. ती वीतभर जागा खरं तर माझी आहे, आणि तिच्यात काय करायचं हे मला कुणी विचारत नाही. असं बरंच बोलले मी. मग पायात चपला घातल्या, धाकट्याच्या घराकडे न बघता तरातरा फाट्यावर आले आणि मिळेल त्या वाहनाने महाड गाठलं. म्हटलं, मरा. घाला काय घोळ घालायचा तो.

गवंडी सोमवारी यायचा होता. शनिवारी थोरल्याचा फोन आला.

"ये. येताना एक जुनी चादर आण."

"कशाला?"

"आण गो, तू ये."

मी पोचले तेव्हा दुपार कलली होती. मागच्या खोलीतून पेट्या, कणगी, खाट सगळं बाहेर काढलेलं. तो मधपाळ तोंडाला जाळी बांधून उभा, आणि माझा भाऊ, सत्तरीतला, बनियनवर, हातात पहार घेऊन स्वतःच्या घराची भिंत फोडत होता. पलीकडच्या मोरीची ओल येईल म्हणून जी त्याने कुणाशी वाटून घेतली नव्हती, ती. मी त्याच्या हातातली पहार काढून घ्यायला गेले तर म्हणाला, "ऱ्हाऊ दे. मीच बांधलेली हाय."

"तू तर म्हणत होतास..."

"म्हणत होतो." तो घाम पुसायला थांबला. "पण तो वरून माल ओतणार. नि मी हितं बसणार, कान देऊन. किती वेळ आवाज येत राहिला असता आतून? मला नाय ऐकवला असता."

विटा एकेक करून निघाल्या. मधपाळाने धूर दिला आणि पोळ्या कापून काढायला लागला. लाकडी चौकटीत बसवून केळीच्या सोपाच्या दोरीने बांधायचा, पेटीत ठेवायचा. माझ्या चादरीने आम्ही दार झाकलं होतं. राणी सापडून पेटीत गेली तशा माश्या तिच्यामागे पेटीत शिरायला लागल्या, सावकाश, उतरणीवरून पाणी जावं तशा. त्याने पोळीचा एक तुकडा माझ्या हातावर ठेवला. मधली घरं अशी आखीव की डोळ्यांत पाणी यावं. पण जिथे पोळी विटेला चिकटली होती तिथली घरं वाकडीतिकडी होती, कुठे पाच बाजूंची, कुठे चार, कुठे नुसताच गोळा. ज्या घराला शेजार नव्हता ते घर धड नव्हतं. हे कुठल्याच पुस्तकात मी नीट वाचलं नव्हतं.

दिवस मावळायला आला तशी पेटी भरली. मधपाळ ती उचलून अंगणात गेला. भिंतीला आता मोठं भगदाड पडलं होतं, आणि त्याच्या पलीकडे, एवढ्या वर्षांनी पहिल्यांदा, धाकट्याच्या भिंतीची उघडी बाजू दिसत होती. गिलावा नसलेली, विटांच्या सांध्यांतून सिमेंटचे ओघळ सुकलेले. तिला मेणाचा एक पट्टा चिकटून राहिला होता. थोरल्याने तो खरवडायला आत वाकून पहार चालवली. हात दमलेले होते. पहार घसरली आणि धाडकन धाकट्याच्या भिंतीवर आदळली. पलीकडे गिलाव्याचा पोपडा पडल्याचा आवाज आला, आणि त्याच्याबरोबर एक भांडं खणखणत गेलं.

पलीकडे कुणी हललं नाही, ओरडलं नाही. धाकटा तिथेच होता, हे मला भिंतीतून कळत होतं. सबंध दुपार तो खिडक्या लावून तिथेच बसला असणार, आवाज ऐकत. थोरला पहार धरून तसाच वाकलेला. त्याच्या मानेवर आणि हातांवर माश्यांनी डंख मारलेल्या जागा लाल होऊन वर आल्या होत्या. मला वाटलं, आता हेही भांडण.

"लागलं नाय ना रे?" थोरला भिंतीला म्हणाला.

मग अगदी जवळून, एका विटेपलीकडून, धाकट्याचा आवाज आला.

"नाही." आणि थोड्या वेळाने, "तुला चावल्या काय, दादा?"

"चावल्या चार-दोन. हळद लावतो."

"हळदीने काय होतंय? चुना लाव."

"चुन्याने कातडी जळते."

"कुणी सांगितलं तुला? लहानपणी आईनं चुनाच लावला होता तुला, ओरडू नको नि चुना लाव."

"मला दिसत नाय मानेवर कुठं चावल्या ते," थोरला चिडून म्हणाला. "तुला एवढं कळतंय तर तू ये नि लाव."

पलीकडे खुर्ची सरकली. मग पावलं घरातून पुढच्या दाराकडे गेली आणि दाराची कडी वाजली.

मी खाली बसले आणि वाटेत पडलेल्या विटा दोन्ही हातांनी बाजूला करायला लागले. माझ्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या आणि एक वीट हातात दिसत होती तर दुसरी दिसत नव्हती.